पाण्याची बोटं, तेलाचा खडक आणि सुरतेचं एक समीकरण

तेल वर काढायचं म्हणून जमिनीत पाणी ढकलतात, हे पहिल्यांदा ऐकणाऱ्याला उफराटंच वाटतं. पण खनिज तेल जमिनीखाली मोकळ्या जागेत साचलेलं नसतं. ते वाळूच्या खडकात, कणाकणांमधल्या बारीक फटींत अडकलेलं असतं. नव्या विहिरीतून ते सुरुवातीला खडकातल्या दाबाने आपसूक वर येतं. दाब ओसरला की धार मंदावते आणि बरंचसं तेल खालीच राहतं. मग शेजारच्या विहिरींतून पाणी सोडायचं आणि त्याच्या रेट्याने तेल उत्पादन विहिरीकडे लोटायचं, असा हा खटाटोप. तेलक्षेत्रावरची माणसं त्याला ‘वॉटर फ्लडिंग’ म्हणतात. कागदावर हे सोपं दिसतं. खडकात शिरलेलं पाणी मात्र एका रेषेत पुढे सरकत नाही, त्याला बोटं फुटतात. एखादं बोट तेलाला बगल देऊन थेट उत्पादन विहीर गाठतं आणि त्या दिवसापासून पंपातून तेलाऐवजी पाणीच जास्त येऊ लागतं.

ही बोटं का फुटतात, किती वाढतात आणि कशाने आवरतात, या प्रश्नावर सुरतेत गेली पन्नासहून अधिक वर्षं गणित चाललं आहे. हिरे, साड्या आणि जरीच्या या शहराची ही ओळख गणिताच्या वर्तुळाबाहेर कुणाला फारशी नाही. ए. पी. वर्मा, त्यांच्या मागोमाग एम. एन. मेहता आणि मग त्यांच्या विद्यार्थ्यांची व विद्यार्थ्यांच्या विद्यार्थ्यांची रांग, असा हा सिलसिला. त्यांचे लेख कॅनडा, रुमानिया, अमेरिका आणि भारतातल्या नियतकालिकांत विखुरलेले आहेत. सुटा सुटा वाचला तर प्रत्येक लेख म्हणजे एक सोडवलेलं उदाहरण. सगळे ओळीने मांडले की दिसतं ते एकच समीकरण. कधी ते तेलाचं होऊन येतं, कधी भूजलाचं, आणि सोडवायची हत्यारं तेवढी दर दशकाला बदलत जातात.

ही गणितं सुरतेतच का रुजली, याचं अर्धं उत्तर भूगोलात आहे. खंभातजवळ लुणेजला १९५८ साली तेल लागलं. १९६० साली भरूच जिल्ह्यात अंकलेश्वरला लागलं, आणि तिथल्या पहिल्या विहिरीला पंडित नेहरूंनी ‘वसुधारा’ असं नाव दिलं. सुरतेहून अंकलेश्वर रेल्वेने जेमतेम पन्नास किलोमीटर. तिथलं तेल ‘हझाद’ नावाने ओळखल्या जाणाऱ्या वाळूच्या थरांत आहे. त्याच्या बऱ्याच खाली, खंभात खोऱ्याचा तळ म्हणून, जो काळा पत्थर पसरला आहे तो आपला सह्याद्रीचाच, दख्खनचा बेसाल्ट. त्या बेसाल्टच्या झिजेतून बनलेल्या सर्वांत खालच्या थराला भूवैज्ञानिकांनी सुरतेशेजारच्या ओलपाड तालुक्याचं नाव दिलं आहे.

उत्तराचा उरलेला अर्धा भाग सरकारी आहे. १९६१ साली सुरतेत सरदार वल्लभभाई रीजनल इंजिनिअरिंग कॉलेज उभं राहिलं. नागपूरचं विश्वेश्वरय्या कॉलेज ज्या योजनेतून निघालं, त्याच योजनेतलं हे भावंड. अशा कॉलेजात गणिताचा विभाग असतो तो भावी अभियंत्यांना पहिल्या वर्षांत अवकल समीकरणं शिकवण्यापुरता. सुरतेत तर या विभागाचं नाव बराच काळ ‘उपयोजित गणित आणि मानव्यविद्या’ असं होतं. फूरियर श्रेणी आणि इंग्रजी पत्रलेखन एकाच छताखाली. स्वतःची पीएचडी देण्याचा अधिकारही या कॉलेजला नव्हता. पदवी द्यायचं ते १९६५ साली स्थापन झालेलं दक्षिण गुजरात विद्यापीठ, म्हणजे आजचं वीर नर्मद विद्यापीठ. कॉलेजचं ‘एनआयटी’ झालं २००२ साली. प्रयोगशाळा नाही, तेलक्षेत्राची माहिती हातात नाही, वर शिकवण्याचा बोजा, अशा ठिकाणी गणिताच्या माणसाने संशोधन करायचं तर कागद, पेन्सिल आणि टपालाने येणारी नियतकालिकं एवढंच भांडवल. सुरतेच्या कामाचे गुण आणि दोष, दोन्ही या भांडवलातूनच आले आहेत.

बोटांचा प्रश्न सुरतेचा नव्हे, आणि मुळात तो तेलाचाही नव्हता. १९५२ साली एस. हिल यांनी इंग्लंडमध्ये तो साखरेच्या कारखान्यात पाहिला. साखरेचा रस शुद्ध करण्यासाठी कोळशाने भरलेल्या उंच नळकांड्यांतून सोडत. नंतर तो दाट रस पाण्याने बाहेर ढकलताना पाणी सरळ न उतरता वाटा काढत घुसतं, असं त्यांच्या लक्षात आलं. ज्या दक्षिण गुजरातेत बारडोलीसारखा सहकारी साखर कारखाना आहे आणि जिथल्या ऊसतोडीला धुळे-नंदुरबारकडून कोयता घेऊन टोळ्या जातात, तिथल्या गणितज्ञांनी या धाग्याकडे वळून पाहिलं नाही, याचं जरा नवल वाटतं.

त्यानंतर केंब्रिजचे जी. आय. टेलर. १९५६ साली ते अमेरिकेत हम्बल ऑइल कंपनीला भेट देऊन आले आणि या प्रश्नाने त्यांना घेरलं. १९५८ साली त्यांनी फिलिप सॅफमन यांच्याबरोबर जो लेख लिहिला, तो आजही या विषयाचा पाया मानला जातो. त्यांचं साधन अगदी साधं होतं. काचेची दोन तावदानं एकमेकांना जवळजवळ चिकटवून ठेवायची, मधल्या फटीत ग्लिसरिन भरायचं आणि एका बाजूने हवा दाबायची. हवेची कड काही क्षण सरळ राहते, मग तिला लाटा येतात, लाटांची बोटं होतात, आणि अखेरीस एकच जाडजूड बोट उरतं. ते फटीची साधारण निम्मी रुंदी व्यापून पुढे जात राहतं.

असं का होतं, याचं कारण समजायला गणित फारसं लागत नाही. पाणी पातळ, तेल दाट. पातळ द्रवाला पुढे जायला कमी जोर लागतो. सरळ कडेवर एखाद्या ठिकाणी पाणी योगायोगाने किंचित पुढे गेलं, की तिथून उत्पादन विहिरीपर्यंतचा दाट तेलाचा पट्टा तेवढा अरुंद होतो. त्यामुळे त्याच जागी दाबाचा उतार वाढतो, तिथलं पाणी आणखी वेगाने पळतं आणि मागे राहिलेलं आणखी मागे पडतं. ढकलणारा द्रव दाट आणि पुढचा पातळ असेल तर उलट घडतं, वर आलेला उंचवटा आपोआप विरतो. म्हणजे सगळा खेळ दोन्ही द्रवांच्या श्यानतेचा, अर्थात दाटपणाचा, आणि खडक त्यांना किती वाट देतो याचा. बोटांना आवर घालणारी मुख्य गोष्ट म्हणजे दोन द्रवांच्या सीमेवरचा पृष्ठताण. तो बारीक बोटं पुसून टाकतो.

इथवर सगळं ठीक आहे. पण काचेच्या फटीतलं एक बोट हिशेबात धरणं वेगळं आणि खडकातली हजारो बोटं धरणं वेगळं. १९६१ साली एड्रियन शायडेगर आणि जॉन्सन यांनी एक धाडसी सोपेपणा स्वीकारला. एकेका बोटाच्या आकाराचा नाद सोडून द्यायचा. खडकाचा आडवा छेद घ्यायचा आणि त्यातला किती भाग पाण्याच्या बोटांनी व्यापला, एवढंच मोजायचं. या प्रमाणाला संपृक्तता म्हणायचं, आणि पाण्याला मिळणारी वाट थेट या संपृक्ततेएवढी, तेलाची वाट उरलेल्या भागाएवढी, असं धरायचं. यालाच त्यांनी सांख्यिकीय दृष्टिकोन म्हटलं. त्यांच्या हिशेबात केशाकर्षणाचा दाब, म्हणजे बारीक फटींत पृष्ठताणामुळे दोन द्रवांमध्ये पडणारा दाबाचा फरक, नव्हता, आणि निष्कर्ष निघाला की बोटं स्थिरावत नाहीत.

वर्मा यांचं नाव इथे येतं. १९६९ साली ‘कॅनेडियन जर्नल ऑफ फिजिक्स’च्या ४७व्या खंडात त्यांचा लेख आला तो याच दृष्टिकोनावर, पण दोन गोष्टी वाढवून. खडक सगळीकडे सारखा नाही, त्याची सच्छिद्रता आणि पारगम्यता (द्रवाला वाट देण्याची क्षमता) जागोजागी बदलते, ही एक. आणि शायडेगर-जॉन्सन यांनी गाळलेला केशाकर्षणाचा दाब, ही दुसरी. पर्टर्बेशन पद्धतीने, म्हणजे एक लहान संख्या हाताशी धरून उत्तर टप्प्याटप्प्याने उभं करत, त्यांनी दाखवलं की हा दाब मोजला तर त्या चौकटीत बोटं स्थिरावू शकतात. लेख मोजक्या पानांचा आहे. गेल्या पन्नास वर्षांत सुरतेतून या विषयावर जे लिहिलं गेलं, त्यातल्या बऱ्याचशा लेखांच्या पहिल्या परिच्छेदात त्याचा उल्लेख सापडतो. प्रादेशिक इंजिनिअरिंग कॉलेजात बसलेल्या गणितज्ञाचा लेख ओटावाहून निघणाऱ्या भौतिकीच्या नियतकालिकात छापून यावा, ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती.

त्याच खंडात वर्मांचा आणखी एक लेख आहे, भेगाळलेल्या सच्छिद्र खडकातल्या शोषणावर. शोषण म्हणजे बोटांच्या प्रश्नाची शांत बहीण. इथे कुणी ढकलत नाही. खडकाचा एक तुकडा घ्यावा, त्याची एक बाजू सोडून बाकी सगळ्या बाजू लाखेने बंद कराव्या, आत तेल असावं आणि उघडी बाजू पाण्याला लावावी. खडकाला तेलापेक्षा पाणी अधिक प्रिय असेल तर तो स्वतःच पाणी ओढून घेतो आणि जेवढं पाणी आत येतं तेवढंच तेल त्याच तोंडातून बाहेर पडतं. दोन्ही द्रव विरुद्ध दिशांना, सारख्याच वेगाने. टेक्सासच्या स्प्रेबेरी तेलक्षेत्रात भेगाळलेल्या खडकांमुळे हा प्रश्न १९५० च्या दशकात तेल कंपन्यांच्या डोक्यात बसला होता. १९६२ साली मॅटॅक्स आणि काइट यांनी त्यावर प्रयोग करून मोजमापं दिली होती. वर्मांनी त्याला विश्लेषणाचं रूप दिलं.

सुरतेला हे शोषण रोज दिसतं, फक्त खडकात नाही. पांडेसराच्या प्रोसेसिंग मिलमध्ये कोऱ्या कापडाचं टोक रंगाच्या द्रावणात बुडवलं तर रंग धाग्याधाग्यातून वर चढतो. सुरुवातीला झपाट्याने, मग हळू. चढलेली उंची वेळेच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढते: चौपट वेळ दिला तर दुप्पट उंची. लूकास यांनी १९१८ साली आणि वॉशबर्न यांनी १९२१ साली हा नियम मांडला. सुती कापडात तो छान दिसतो. पॉलिएस्टर स्वतः पाणी पीत नाही, त्यामुळे तिथे जे चढतं ते धाग्यांच्या मधल्या फटींतून, आणि सुरतेचा बहुतेक धंदा आता पॉलिएस्टरचा. अंतर भागिले वेळेचं वर्गमूळ हीच संख्या शोषणाच्या समीकरणातही कळीची ठरते. ती एक संख्या धरली की काळ आणि अंतर अशा दोन चलांचं समीकरण एका चलाचं होतं. वर्मा आणि मिश्रा यांचा १९७३ सालचा ‘जर्नल ऑफ अप्लाइड फिजिक्स’मधला लेख अशाच साधर्म्य पद्धतीने दोन द्रवांच्या अस्थिर प्रवाहाला हात घालतो. या परंपरेतल्या सर्वांत सुबक लेखांत त्याची गणना व्हावी.

आता ते समीकरण. चिन्हं न लिहिता सांगायचं तर असं: एखाद्या जागी पाण्याचं प्रमाण किती वेगाने बदलतं, हे ठरतं तिथल्या वहनातल्या फरकावरून, आणि ते वहन म्हणजे पाण्याचं प्रमाण गुणिले त्या प्रमाणाचा उतार. उष्णतेच्या समीकरणातही उतार असतो, पण त्याला गुणणारी संख्या कायम असते. इथे गुणणारी गोष्ट म्हणजे ज्याचा शोध चालला आहे तेच अज्ञात. यालाच अरेषीयता म्हणतात, आणि हाताने सोडवणाऱ्याची झोप उडते ती इथे. तिचा एक फायदाही आहे. जिथे पाणी शून्य तिथे वहनही शून्य, त्यामुळे पाण्याला निश्चित कड राहते आणि ती मर्यादित वेगानेच सरकते. उष्णतेच्या समीकरणात मात्र एका टोकाला दिलेली ऊब त्याच क्षणी, नाममात्र का होईना, दुसऱ्या टोकाला पोचलेली असते.

गंमत अशी, की हे समीकरण तेलाच्या आधीचं आहे. फ्रान्सच्या बूसिनेस्क यांनी १९०४ साली जमिनीखालच्या पाण्याच्या पातळीसाठी तेच लिहिलं. पुढे रशियात लाइबेंझन यांनी आणि अमेरिकेत मस्कट यांनी खडकातून वाहणाऱ्या वायूसाठी तसंच लिहिलं. बॅरेनब्लाट यांनी १९५२ साली त्याची एक नेमकी, बंदिस्त उकल शोधली. म्हणजे बोटांसाठी केशाकर्षणाचा दाब सरळ रेषेने बदलतो आणि वाट संपृक्ततेएवढी असते, एवढं गृहीत धरलं, की वर्मांचा तेलाचा प्रश्न बूसिनेस्कच्या विहिरीपाशी येऊन थांबतो. एकाच माणसाच्या लेखनात तेल आणि भूजल शेजारी शेजारी का येतात, याचा उलगडा इथे होतो. त्यामागे आवडीची चंचलता नव्हती. समीकरणच दोन्ही घरांत ये-जा करत होतं.

भूजलाच्या बाजूनेही सुरतेकडे प्रश्न कमी नव्हते. तापीवर आधी काकरापारचा बंधारा झाला, १९७२ साली उकाई धरण पूर्ण झालं आणि कालव्यांचं पाणी सुरत जिल्ह्याच्या काळ्या जमिनीत शिरलं. ऊस फोफावला, आणि त्याबरोबर कित्येक शिवारांत पाण्याची पातळी मुळांपर्यंत वर आली. ओलपाड-चोर्यासीच्या किनारी पट्ट्यात समुद्राचं खारं पाणी भूजलात घुसतं ते वेगळंच. वर्मांनी १९७२ साली, भारतीय सैद्धांतिक आणि उपयोजित यांत्रिकी परिषदेच्या अलाहाबाद अधिवेशनात, जमिनीवर पसरलेल्या पाण्याने खूप खोल भूजलाचं पुनर्भरण कसं होतं यावर एक उकल मांडली. पाणी सरळ खाली उतरतं, मातीतला ओलावा खोलीनुसार बदलतो, मातीची वाहकता ओलाव्यावर अवलंबून असते. विसरणाचा, म्हणजे ओलावा पसरण्याचा, गुणक सरासरीने कायम धरला आणि वाहकता ओलाव्याच्या वर्गाएवढी धरली, तर समीकरण बर्गर्स यांच्या प्रसिद्ध समीकरणाचं रूप घेतं. होप्फ यांनी १९५० साली आणि कोल यांनी १९५१ साली एक युक्ती दाखवली होती. ती लावली की हे अरेषीय समीकरण साध्या उष्णतेच्या समीकरणात बदलतं आणि पूर्ण सुटतं. सुरतेच्या पुढच्या लेखांत बर्गर्स वारंवार भेटतात, ओलाव्यासाठीही आणि एकमेकांत मिसळणाऱ्या खाऱ्या-गोड पाण्याच्या पसरणीसाठीही.

काळ्या मातीत शेती केलेल्या कुणालाही इथे एक शंका येईल. उन्हाळ्यात ही जमीन हातभर भेगाळते. पहिल्या पावसाचं पाणी मातीच्या कणांतून झिरपण्याआधी थेट भेगांतून खाली जातं, मग माती फुगते आणि भेगा मिटतात. विसरणाचा गुणक ‘सरासरीने कायम’ धरणं हे वाळूच्या जमिनीला एक वेळ चालेल, काकरापारच्या लाभक्षेत्राला नाही. भेगांचं गणित वर्मांनी खडकासाठी केलं होतं, ते मातीपर्यंत आणण्याची वाट मोकळी होती.

१९७७ साली एम. एन. मेहता यांचा सच्छिद्र माध्यमातल्या प्रवाहाच्या उपगामी विस्तारांवरचा प्रबंध दक्षिण गुजरात विद्यापीठात झाला आणि परंपरेला दुसरी पिढी मिळाली. यानंतरच्या तीनेक दशकांत सुरतेतून आलेल्या लेखांवर सहलेखक म्हणून मेहता हे नाव सतत दिसतं. विषयांची यादी थोडीच लांबली: बोटं, शोषण, दोन्ही एकत्र घडणं, ओलाव्याचं वहन, पुनर्भरण, द्रवांची पसरण. बदलत गेल्या त्या पद्धती. आधी पर्टर्बेशन आणि साधर्म्य. मग संगणक आला आणि सांत-फरक, सांत-घटक पद्धती आल्या. नंतर जगभर ज्यांची लाट आली त्या अर्ध-विश्लेषक पद्धती: जॉर्ज अ‍ॅडोमियन यांची विघटन पद्धत आणि शांघायच्या लियाओ शिजुन यांनी १९९२ च्या प्रबंधात मांडलेली होमोटोपी विश्लेषण पद्धत. या पद्धतींत सोप्या उत्तरापासून निघून एका श्रेणीने खऱ्या उत्तराकडे सरकायचं असतं. लियाओंच्या पद्धतीत श्रेणी किती वेगाने जुळते ते ठरवणारा एक खुंटा वापरणाऱ्याच्या हातात असतो. तो कुठे पिरगाळायचा हे एका आलेखावरून ठरवतात. २०१३ साली ‘अप्लाइड मॅथेमॅटिकल मॉडेलिंग’मध्ये आलेला पटेल, मेहता आणि पटेल यांचा विषम खडकातल्या शोषणावरचा लेख या टप्प्यातला ठळक म्हणावा असा.

या सगळ्या लेखनातून सलग फिरलं की एक गोष्ट खटकू लागते. प्रश्न मांडण्याची पद्धत जवळजवळ गोठलेली आहे. तोच खडकाचा तुकडा, तेच एका दिशेचं वहन, वाट म्हणजे संपृक्तता हे तेच शायडेगर-जॉन्सनचं गृहीतक, केशाकर्षणाचा दाब म्हणजे तीच सरळ रेषा. खऱ्या खडकात पाण्याची वाट संपृक्ततेबरोबर सरळ वाढत नाही. सुरुवातीला पाणी असूनही ते हलत नाही, मग वाट वाकत वाकत उघडते. ए. टी. कोरी यांनी १९५४ सालीच त्या वक्राचं सूत्र दिलं होतं. केशाकर्षणाचा वक्रही दोन्ही टोकांना अंगावर येईल एवढा चढा असतो. १९६१ साली हातांनी हिशेब करताना हे सगळं सरळ करून घेणं शहाणपणाचं होतं. २०१० नंतर लॅपटॉपवर काही सेकंदांत खरा वक्र घालता येत असताना तेच गृहीतक का, याचं समाधानकारक उत्तर लेखांत मिळत नाही.

दुसरी बाब सुरुवातीच्या स्थितीची. अनेक लेखांत अगदी पहिल्या क्षणी पाण्याचं प्रमाण घातांकी वक्राने उतरत जातं, असं धरलेलं असतं. श्रेणी सहज पुढे जाते, म्हणून ते सोयीचं. पण त्याचा अर्थ काय होतो? पाणी सोडायच्या आधीच ते तेलाच्या खडकात या टोकापासून त्या टोकापर्यंत, थोडं थोडं, पोचलेलं आहे. ज्या समीकरणाचं सर्वांत देखणं वैशिष्ट्य म्हणजे त्याची सरकती, निश्चित कड, तिच्यावरच या निवडीने बोळा फिरतो. आणि मग आलेल्या उत्तराची पडताळणी होते ती दुसऱ्या एखाद्या अर्ध-विश्लेषक पद्धतीच्या उत्तराशी. दोन तक्ते चौथ्या दशांशापर्यंत जुळतात. समीकरण बरोबर सोडवलं, एवढं त्यातून सिद्ध होतं. खडकात तसं घडतं का, हा प्रश्न उरतो. मॅटॅक्स आणि काइट यांची मोजमापं साठ वर्षं छापील उपलब्ध आहेत. ओएनजीसी या सरकारी तेल कंपनीच्या दारात न जाताही त्यांच्याशी तुलना करता आली असती.

याच काळात जगातलं बोटांचं संशोधन वेगळ्या दिशेने गेलं. १९८७ साली जॉर्ज होम्सी यांनी या विषयाचा जो मोठा आढावा लिहिला, त्यात रस आहे तो नेमका सरासरीत हरवणाऱ्या गोष्टींत: पुढे गेलेलं बोट शेजारच्यांना कसं झाकतं, जाड झालं की त्याचं टोक कसं दुभंगतं, दोन बोटं एकमेकांत कशी मिसळतात. सरासरी घेतल्याक्षणी हे सारं नाहीसं होतं. केशाकर्षणासह शायडेगर-जॉन्सनची चौकट घेतली की हातात राहतं ते मूलतः एक विसरणाचं समीकरण, आणि विसरण स्वभावतःच सपाट करतं. बोटं स्थिरावतात हा वर्मांचा निष्कर्ष त्या चौकटीत खराच आहे. काही अंशी तो चौकटीच्या घडणीतूनही आलेला आहे.

दोष कुणा एकाचा म्हणता येणार नाही. टेलर हम्बल ऑइलच्या माणसांशी बोलून आले, ते केंब्रिजच्या जगप्रसिद्ध प्राध्यापकाला शक्य होतं. अंकलेश्वरच्या विहिरींचे दाब आणि उत्पादनाचे आकडे ही कंपनीची व्यावसायिक माहिती. गणित शिकवणाऱ्या अध्यापकाला ती कोण देणार? शिवाय बढती आणि पीएचडी लेखांच्या संख्येवर ठरू लागल्यावर तयार मॉडेल घेऊन नवी पद्धत लावणं हा सुरक्षित रस्ता झाला. देशातल्या कितीतरी गणित विभागांची हीच कहाणी आहे. गुजरातच्याच पी. सी. वैद्य यांनी, बनारसला विष्णु वासुदेव नारळीकरांच्या हाताखाली शिकून, १९४३ साली ‘करंट सायन्स’मध्ये प्रारण बाहेर टाकणाऱ्या ताऱ्याच्या गुरुत्वक्षेत्राची उकल दिली. तीही कागद-पेन्सिलीचीच होती. फरक इतकाच, की वैद्यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांत एक भौतिक गोष्ट नव्याने घातली, ताऱ्यातून बाहेर पडणारा प्रकाश. वर्मांच्या १९६९ च्या लेखातही नेमकं असंच काहीतरी आहे, गाळलेला केशाकर्षणाचा दाब परत आणणं. नंतरच्या लेखांत भर पडते ती बहुतांशी उकलीच्या कौशल्यात.

जमेच्या बाजूला मात्र एक मोठी गोष्ट मांडावी लागते. अरेषीय आंशिक अवकल समीकरणं हाताळणारी माणसं दक्षिण गुजरातेत तयार झाली ती या कामातूनच. इंजिनिअरिंगच्या पोरांना गणित शिकवणाऱ्या कित्येकांनी इथे संशोधनाची पहिली पायरी चढली. एक प्रश्न पिढ्यान्‌पिढ्या चालवणं हेही आपल्याकडे दुर्मीळच. बहुतेक विभागांत मार्गदर्शक निवृत्त झाला की विषयही निवृत्त होतो.

दरम्यान तेलक्षेत्रावर बोटांचा बंदोबस्त दुसऱ्याच वाटेने झाला. अहमदाबादजवळच्या साणंद क्षेत्रात तेल दाट आहे; तिथे ओएनजीसीने पाण्यात पॉलिमर मिसळून पाणीच दाट करण्याचा मार्ग धरला. श्यानतेतली तफावत कमी केली की बोटं मुळातच कमी फुटतात, हे सॅफमन-टेलर यांच्या लेखातून थेट निघतं. मेहसाण्याकडच्या बलोल आणि संथाल क्षेत्रांत तर खडकातच तेलाचा काही भाग जाळून बाकीचं पातळ करतात. पॉलिमरचं पाणी सोडल्यावर शायडेगर-जॉन्सनच्या चौकटीत काय बदलतं, पॉलिमर खडकाला चिकटून वाया जातं तेव्हा वाटेचा वक्र कसा हलतो, हे सुरतेच्या समीकरणाला विचारण्याजोगे प्रश्न आहेत, आणि त्यांची मोजमापं साणंदसारख्या ठिकाणी झालेली आहेत.

याहून कठीण प्रश्न हजिऱ्याला आहे, सुरत शहरापासून अर्ध्या-पाऊण तासावर. समुद्रातला वायू तिथल्या ओएनजीसीच्या संयंत्रात शुद्ध होतो आणि त्यातून कार्बन डायऑक्साइड वेगळा निघतो. तो हवेत सोडण्याऐवजी अंकलेश्वरच्या खडकात दाबावा, म्हणजे उरलेलं तेलही वर येईल आणि वायूही खाली राहील, अशी कल्पना ओएनजीसीच्या अभियंत्यांनी अभ्यासली आहे. कार्बन डायऑक्साइड खडकातल्या दाबाखालीही पाण्यापेक्षा कितीतरी पातळ असतो, म्हणजे बोटं पाण्यापेक्षा अधिक उग्र. आणि तो तेलात विरघळतो, त्यामुळे दोन द्रवांमधली सीमा पुसट होते; पृष्ठताण जवळजवळ नाहीसा होतो आणि त्याबरोबर बारीक बोटांना आवरणारा मुख्य लगामही. १९६९ च्या लेखात ज्या केशाकर्षणाच्या दाबाने बोटं स्थिरावली, तोच इथे शून्याकडे जातो. तिथे सरासरीची चौकट कुठवर टिकते आणि कुठून पुढे एकेक बोट मोजावंच लागतं, हे अजून कुणी सुरतेतून लिहायचं आहे.